सुटे दिवस: एका काल्पनिक विधीचा प्रकरण अभ्यास

पार्श्वभूमी

एका कादंबरीत नदीकाठी राहणारा एक समाज आहे. त्यांची समजूत अशी, की काळ आपल्या चालीने वाहत असतो, पण माणसाला ती चाल साधत नाही. कोणी मागे रेंगाळतो, कोणी पुढे निघून जातो, म्हणून वर्षातून एकदा सगळ्यांना पुन्हा एका ओळीत आणावं लागतं. समाज काल्पनिक, नदी काल्पनिक, विधीही काल्पनिक. त्यावर काम करणारी चार माणसं होती: लेखिका, संपादक, चित्रकार आणि कालगणनेचे तपशील तपासायला बसवलेला मी. नावं आणि ओळख पटेल असं बाकी सगळं गाळलं आहे. निर्णयांचा क्रम मात्र बदललेला नाही.

पहिल्या खर्ड्यातला विधी असा होता. पहाटे सगळं गाव गुडघाभर पाण्यात उभं राहतं. प्रत्येकाच्या ओंजळीत दिवा. एक म्हातारी कोणालाच न कळणाऱ्या भाषेत काहीतरी पुटपुटते, सगळे एका लयीत श्वास घेतात, सूर्य वर येतो आणि माणसं काळाशी एकरूप होतात. सहा पानं होती, आणि वाक्यं सुरेख होती. पाण्यातलं दिव्याचं थरथरतं प्रतिबिंब वगैरे. खरी पंचाईत इथेच झाली, कारण इतक्या चांगल्या पानांत काही बिघडलेलं असेल असं कोणाला वाटेना.

अडचण

छपाईआधी हस्तलिखित वाचायला दिलेल्या मंडळींपैकी कोणीही विधीला नावं ठेवली नाहीत. पण तो कोणाच्या लक्षातही राहिला नव्हता. कथानक सांगायला लावलं की ती सहा पानं गायब. एका वाचकाने तेवढा एक प्रश्न लिहून पाठवला: ‘या वर्षी विधी झालाच नसता, तर कोणाचं काय बिघडलं असतं?’

लेखिकेकडे उत्तर नव्हतं. तिने प्रामाणिकपणे सांगितलं की तिला एक वातावरण हवं होतं. वातावरण हवं असणं यात गैर काही नाही. पण कादंबरीचा कणाच जर ‘माणसं काळाशी जुळवून घेतात’ हा असेल, तर ती आधी सुटतात कशी, हे कुठेतरी दिसायला हवं. या समाजात कोणीच काळापासून सुटत नव्हतं. फट नव्हती, तरी डागडुजी चालली होती. शिवाय विधी कोणाला महाग पडत नव्हता आणि कोणाच्या हातून चुकूही शकत नव्हता.

संपादकांचं मत झटपट होतं: सहा पानांची दीड करा आणि पुढे चला. लेखिकेला ते मान्य नव्हतं. मला विचारलं तेव्हा मी म्हटलं, कापायचं की ठेवायचं हे नंतर ठरवू, आधी या लोकांचं वर्ष किती दिवसांचं आहे ते सांगा. ते कोणी ठरवलंच नव्हतं.

आधी फट शोधली

इथे थोडं सविस्तर लिहितो, कारण पुढचे सगळे निर्णय यातून निघाले.

सूर्याचं वर्ष सुमारे 365.2422 दिवसांचं आणि चंद्राचा महिना सरासरी 29.53 दिवसांचा. दोन्ही एकमेकांत पूर्ण बसत नाहीत. बारा चांद्रमास म्हणजे 354 दिवस आणि थोडे तास. दरवर्षी जवळजवळ अकरा दिवस कमी पडतात आणि मग अधिक मास घालावा लागतो. ज्यांनी चंद्र सोडून तीस-तीस दिवसांचे सरळ महिने धरले त्यांचीही सुटका झाली नाही. बारा तीसं 360. वरचे पाच दिवस लोंबतात.

हे पाच दिवस फार बोलके आहेत. प्राचीन इजिप्तमध्ये बारा महिने तीस दिवसांचे आणि वर पाच दिवस. ते पाच देवतांचे जन्मदिवस मानले. अ‍ॅझ्टेक लोकांचे अठरा महिने वीस दिवसांचे, तेही 360, आणि वरचे पाच दिवस त्यांनी अशुभ ठरवले. त्या दिवसांत महत्त्वाची कामं टाळायची. फ्रेंच क्रांतीनंतर 1793 मध्ये लागू झालेल्या दिनदर्शिकेतही बारा महिने तीस दिवसांचे. उरलेल्या पाच दिवसांना त्यांनी सद्गुण, श्रम वगैरे नागरी सण बहाल केले. लीप वर्षात सहावा दिवस खुद्द क्रांतीचा. उरलेले दिवस तेच आणि तितकेच. एकाने तिथे देव बसवले, दुसऱ्याने भीती, तिसऱ्याने भाषणं. पण ते नुसते सांडू कोणीच दिले नाहीत.

लेखिकेला हे दाखवल्यावर ती बराच वेळ गप्प होती, आणि मग म्हणाली, ‘म्हणजे माझ्या लोकांचे उरलेले दिवस कुठे जातात ते मला शोधायचंय.’ त्या दिवसापासून काम वेगळ्या वाटेला लागलं.

दुसरा उपयोगी संदर्भ माणसांच्या सुटण्याचा. मॅगेलनच्या मोहिमेतलं उरलेलं जहाज पृथ्वीला वळसा घालून 1522 च्या जुलैत आफ्रिकेच्या पश्चिमेकडच्या केप व्हर्दे बेटांना लागलं. जहाजावरचा पिगाफेत्ता रोज न चुकता नोंद ठेवणारा माणूस. त्याच्या हिशोबाने तो बुधवार होता. किनाऱ्यावरचे म्हणाले, आज गुरुवार. त्याने एकही दिवस गाळला नव्हता, तरी तो एक दिवस मागे होता. सूर्याच्या मागोमाग पश्चिमेकडे जाता जाता त्यांचा प्रत्येक दिवस किंचित लांबत गेला, आणि पूर्ण वळशात एक अख्खा दिवस गळून गेला होता. चूक कोणाचीच नाही आणि तारखा दोन.

समोर असलेले पर्याय

पहिला पर्याय संपादकांचा: काटछाट. कमी जोखमीचा. पण मग कादंबरीचं मुख्य सूत्र नुसतं बोलण्यापुरतं उरलं असतं.

दुसरा पर्याय लेखिकेनेच मध्येच मांडला. अ‍ॅझ्टेक लोक दर 52 वर्षांनी, त्यांची 260 दिवसांची आणि 365 दिवसांची अशी दोन्ही चक्रं पुन्हा एकत्र आली की, जुने अग्नी विझवून नवा अग्नी पेटवत. असा शेवटचा सोहळा 1507 मध्ये झाला. हे नाट्य तयारच होतं, नावं बदलून घ्यायचं. यावर वाद फार झाला नाही. एखाद्या समाजाचा विधी त्याच्या गणितासकट, त्याच्या भीतीसकट जन्मलेला असतो. तो उचलून दुसऱ्यांच्या नदीकाठी ठेवला की हाती फक्त देखावा लागतो, आणि देखावा तर पहिल्या खर्ड्यातही होता. उसनवारीचा ठपका वेगळाच.

तिसरा पर्याय जादूचा. विधी केला तर काळ खरोखर सरळ होतो, नाही केला तर सूर्य अडकतो. चित्रकाराला हा फार आवडला होता, साहजिकच आहे. यात ‘काय बिघडलं असतं’ या प्रश्नाला उत्तर मिळतं, पण ते इतकं मोठं मिळतं की माणसांना निवडच उरत नाही. सूर्य अडकणार असेल तर विधी कोण टाळेल?

चौथा पर्याय हिशोबाचा. विधी म्हणजे दिनदर्शिकेची दुरुस्ती, आणि तिची किंमत माणसांनी मोजायची. आकाशाला विधीशी काही देणंघेणं नाही. सुटतात ती माणसं, तीही एकमेकांपासून.

चौथा निवडला. तिसऱ्यातलं एवढंच ठेवलं की गावातल्या काही जणांचा जादूवर विश्वास आहे.

कृती: वर्ष, दोरी आणि गाठ

वर्ष 364 दिवसांचं ठरवलं. खऱ्या वर्षासारखा अपूर्णांक ठेवावा असा माझा आग्रह होता, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या साचत जाणारी चूकही कथेत आणता आली असती. लेखिकेने तो मोडून काढला: वाचकाला मनातल्या मनात करता येईल एवढंच गणित हवं. तिचं बरोबर होतं. तीस दिवसांचे बारा महिने, वर चार दिवस. हे चार दिवस ‘सुटे’.

प्रत्येक घरात एक दोरी. रोज संध्याकाळी एक गाठ. वर्ष संपताना सुट्या दिवसांच्या चार गाठी सगळ्या गावाने एकदम सोडायच्या. ते दिवस जगले गेले, पण मोजले जाणार नाहीत. त्यांत घेतलेलं कर्ज नाही, दिलेला शब्द नाही, आणि त्या दिवसांत काय झालं ते पुढे कोणी कोणाला सांगायचं नाही. गाठी सुटल्या की सगळ्यांच्या दोऱ्या पुन्हा सारख्या होतात आणि पेरणीचा दिवस पेरणीच्याच ऋतूत येतो.

कागदावर हे छान दिसत होतं. चित्रकाराने मुखपृष्ठासाठी खरीच दोरी घेतली आणि रोज गाठ मारायला लागली, तेव्हा दोन गोष्टी उघड झाल्या. एक, गाठींनी दोरी भराभर आखडत जाते. वर्षभराच्या गाठींची दोरी हातात धरून कोणी विधी करू शकणार नाही. म्हणून महिन्याची वेगळी दोरी आली. ती भरली की टाकायची आणि वर्षाच्या दोरीत एक मोठी गाठ मारायची. दुसरी गोष्ट जास्त मोलाची निघाली. नदीतला विधी, म्हणून तिने दोरी भिजवून पाहिली. सुती दोरी फुगली, निरगाठ दगडासारखी झाली. नखाने सुटेना, दाताने सुटेना, शेवटी दाभण घालून तिने ती उकलली आणि त्यात दोरीचे दोन पदर तुटले. सुरगाठ मात्र भिजल्यावरही एका ओढीत सुटत होती.

म्हणजे सुटे दिवस सुरगाठीनेच बांधावे लागणार. म्हणजे गाठ मारतानाच घरातल्या प्रत्येकाला ठाऊक असणार की हा दिवस आपल्याकडे राहायचा नाही.

या एका तपशिलाने जेवढं दिलं तेवढं आमच्या कुठल्याही चर्चेने दिलं नव्हतं. लेखिकेने त्याच आठवड्यात नवं प्रकरण लिहिलं. सुट्या दिवसांतल्या दुसऱ्या दिवशी एका बाईचा मुलगा नदीत बुडून जातो. संध्याकाळी ती दोरी हातात घेते, आणि सुरगाठीऐवजी निरगाठ मारते. दातात धरून आवळते. विधीच्या पहाटे गाव गाठी सोडतं तेव्हा तिच्या दोरीत एक गाठ तशीच राहते.

मंत्र गेला, एका लयीतले श्वास गेले, दिवे गेले. विधीत आता बोलणं एवढंच: सगळे मिळून चार ते एक उलटे आकडे म्हणतात. दुसऱ्या दिवसाच्या गाठीपाशी एका घरातून आवाज येत नाही.

निर्णयाची वळणं

*गाठ सोडायचा हुकूम कोणाचा?* पहिल्या मसुद्यात कोणाचाच नव्हता, गाव आपोआप जमत होतं. मला हे पटेना. प्रजासत्ताक रोममध्ये अधिक महिना कधी घालायचा हे धर्माधिकारी ठरवत, आणि आपल्या माणसाच्या पदाची मुदत वाढवायला किंवा विरोधकाची आखडायला तो अधिकार वापरल्याचे आरोप त्या काळातही होत. घोळ इतका साचला की सीझरला इसवी सनापूर्वी 46 हे वर्ष 445 दिवसांचं करावं लागलं. काळ जुळवणाऱ्याच्या हाती सत्ता येतेच. म्हणून गावाला एक गणक दिला. लेखिकेने त्याला लबाड केलं नाही, हे मला आवडलं. तो नियमाला चिकटून राहणारा, थकलेला माणूस आहे. बाई त्याच्याकडे जाते आणि म्हणते, ‘गणकबाबा, हा एक दिवस माझ्याकडे राहू द्या.’ तो नाही म्हणतो, आणि त्याच्या नाही म्हणण्याला कारण आहे. एक दिवस सगळ्या गावाने मोजला तर पेरणी एका दिवसाने सरकेल, त्याने काही बिघडत नाही. पण सुट्या दिवसांत मेलेलं माणूस प्रत्येक घरात आहे. तीस घरांनी एकेक दिवस मागितला की पेरणी महिनाभर सरकते. खऱ्या इतिहासातही असंच साचत गेलं होतं: सीझरच्या ज्युलियन दिनदर्शिकेचा सूर्याच्या वर्षाशी फरक वर्षाला अवघा अकरा मिनिटांच्या आसपास, तरी 1582 मध्ये 4 ऑक्टोबरनंतर एकदम 15 ऑक्टोबर करण्याची वेळ आली.

*गाठ न सोडणाऱ्याचं होतं काय?* हे सगळ्यात अवघड वळण. संपादकांना शिक्षा हवी होती: बहिष्कार, दंड, काहीतरी दिसणारं. लेखिकेला शिक्षा नको होती. मी सोव्हिएत प्रयोग पुढे केला. तिथे 1929 मध्ये कारखाने अखंड चालावेत म्हणून पाच दिवसांचा आठवडा आणला, कामगारांचे रंगांनुसार पाच गट केले आणि प्रत्येक गटाची सुट्टी वेगळ्या दिवशी ठेवली. नवरा एका रंगात, बायको दुसऱ्या. घरात सुट्टी होती, पण एकत्र नव्हती. कुरबुरी वाढल्या, 1931 मध्ये सहा दिवसांचा आठवडा आला आणि 1940 मध्ये सात दिवसांचा परतला. या उदाहरणाने शिक्षेचा प्रश्न मिटवला. बाईला कोणी काही करत नाही. ती फक्त एका दिवसाने पुढे राहते. गावाची तेरावी गाठ तिची चौदावी. ती सणाला येते तेव्हा चुली थंड असतात, आणि गाव सण करतं तेव्हा तिच्या घरी तो होऊन गेलेला असतो. काळाशी जुळणं म्हणजे व्यवहारात शेजाऱ्यांशी जुळणं, हे कादंबरीत कुठेही वाक्य म्हणून येत नाही. या दोन-तीन प्रसंगांतून येतं.

*परदेशी गेलेल्याचं काय?* हे पिगाफेत्तामुळे सुचलं. बाईचा दीर तीन वर्षं बाहेर होता. त्याने तिन्ही वर्षं रोज गाठ मारली, पण सुटे दिवस सोडायला तो गावात नव्हता. परत येतो तेव्हा गावाच्या महिन्याच्या दोरीत तीन गाठी आहेत आणि त्याच्या दोरीत पंधरा. बारा दिवस जास्तीचे. वेशीतून आत यायचं तर ते सोडले पाहिजेत. पण कुठले बारा?

इथे दोन मतं पडली. संपादक म्हणत होते, त्याला वेशीबाहेर बारा दिवस बसवा. गाठ मारायची नाही, गाव त्याच्या बरोबरीला येईपर्यंत थांबायचं. गणिताने हे अगदी चोख आहे, आणि विधी म्हणूनही जुन्या चालीचं. लोकरूढींचा अभ्यासक आर्नॉल्ड व्हान गेनेपने 1909 मध्ये संक्रमणाच्या विधींचे तीन टप्पे सांगितले: आधी वेगळं होणं, मग उंबरठ्यावर थांबणं, मग पुन्हा सामील होणं. वेशीबाहेरची झोपडी हा तो उंबरठाच. लेखिकेचं म्हणणं, बारा दिवस बसून राहिलेला माणूस पानावर काय करणार? तिने उलट केलं. प्रवासात दोऱ्या टाकायच्या नाहीत असा नियम घातला, आणि दिराला तीन वर्षांच्या सगळ्या दोऱ्यांतून कुठल्याही बारा गाठी निवडायला लावल्या. सुट्या दिवसांविषयी कोणी विचारायचं नाही, हा नियम आधीच होता. दीर वेशीवर बसतो, दाभण घेतो आणि सलग बारा गाठी उकलतो, एकाच महिन्यातल्या. गणक ते पाहतो. विचारू शकत नाही.

एकीला एक दिवस ठेवायचा आहे, दुसऱ्याला बारा दिवस घालवायचे आहेत, आणि नियम दुसऱ्याच्या बाजूचा आहे. पहिल्या खर्ड्यातल्या सहा पानांत याचा मागमूसही नव्हता. कादंबरीला इथे खरा संघर्ष सापडला असं माझं मत आहे.

*किती समजावून सांगायचं?* दुसऱ्या खर्ड्यात गणकाच्या तोंडी कालगणनेचं अख्खं प्रकरण होतं. ते माझ्या टिपणांवरून लिहिलं होतं, आणि संपादकांनी त्यातलं बहुतेक उडवलं. वाचकाला तीन गोष्टी कळल्या की पुरे: चार दिवस उरतात, ते सोडावे लागतात, सोडलेल्याबद्दल बोलायचं नाही. वर्ष 364 दिवसांचं आहे हा आकडा पुस्तकात फक्त एकदाच येतो, तोही एका लहान मुलीच्या पाठांतरात. तक्ता परिशिष्टात द्यावा का यावर दोन बैठका गेल्या. शेवटी दिला नाही. तक्ता दिसला की वाचक तपासत बसतो, आणि आमच्या बाईने मारलेली गाठ तपासण्यासाठी नाही.

निष्पत्ती

दुसऱ्या फेरीतल्या वाचकांनी विधीबद्दल बोलताना ‘विधी’ हा शब्द फारसा वापरला नाही. ते बाईबद्दल आणि दिराबद्दल बोलले, आणि गणक बरोबर की चूक यावर त्यांच्यात जुंपली. ‘विधी झाला नसता तर’ हा प्रश्न पुन्हा कोणी विचारला नाही. पानं मात्र कमी झाली नाहीत. विधीशी संबंधित मजकूर पहिल्यापेक्षा वाढला, फक्त तो पुस्तकभर पसरला.

दोन गोष्टी अपेक्षेबाहेरच्या घडल्या. एका वाचकाने हिशोबातली पळवाट शोधली. शंभर दिवसांच्या बोलीवर उधार घेतलं आणि मधे सुटे दिवस आले, तर माणूस ते प्रत्यक्षात 104 दिवस वापरतो. नियमातलं छिद्र बुजवावं असं संपादकांना वाटलं. लेखिकेने ते ठेवलं आणि एक इरसाल पात्र जन्माला घातलं, जे दरवर्षी नेमकं त्याच सुमारास उधारी करतं. हे मला फार योग्य वाटतं. कुठलीही जुनी व्यवस्था घ्या, तिच्या फटीत राहणारी माणसं सापडतातच. दिनदर्शिकेच्या दुरुस्त्याही अशाच ओबडधोबड असतात: स्वीडनने 1700 पासून लीप दिवस टप्प्याटप्प्याने वगळत 1582 च्या नव्या गणनेकडे जायचं ठरवलं, मधेच विसकटलं, आणि जुन्या ज्युलियन गणनेकडे परतण्यासाठी 1712 मध्ये 30 फेब्रुवारी साजरी करावी लागली. चोख काल्पनिक विधीपेक्षा असा ठिगळ लावलेला विधी जास्त खरा वाटतो.

दुसरी गोष्ट जड होती. एका वाचकाने बाईच्या प्रकरणापाशी हस्तलिखित खाली ठेवलं आणि पुढे वाचलं नाही. त्याच्या घरात अलीकडेच मृत्यू झाला होता. नियम मऊ करावा का, यावर पुन्हा चर्चा झाली. लेखिकेने नियम तसाच ठेवला. फक्त मुलाच्या मृत्यूआधी दोन प्रकरणं एका म्हाताऱ्या शेजारणीचा छोटा प्रसंग आणला. तिच्या उशाखाली एक जुनी, तुटकी, निरगाठ असलेली दोरी आहे आणि तिच्याबद्दल ती काही सांगत नाही. म्हणजे बाई पहिली नाही. वाचकाला याची आधीच कुणकुण लागते.

वेगळं काय करता आलं असतं

दोरी पहिल्या आठवड्यात हातात घ्यायला हवी होती. दोन खर्डे आणि बऱ्याच बैठका आम्ही प्रतीकांवर बोलत राहिलो. विधी म्हणजे हातांनी केलेली कृती. तिला वेळ लागतो, वस्तू लागते, वस्तूला स्वभाव असतो. ओली दोरी काय करते हे कुठल्याही कोशात आम्हाला मिळालं नसतं. असंच दुसऱ्या एखाद्या कल्पनेत पाणी, राख, सावली, घंटा असेल तर ती वस्तू आधी घरी आणावी, आठवडाभर तिच्याशी तो विधी करून पाहावा आणि काय त्रासदायक वाटतं ते लिहून ठेवावं. त्रासाच्या जागीच गोष्ट सापडण्याची शक्यता जास्त.

पहिल्या वाचकांना ‘आवडलं का’ असं विचारलं गेलं होतं. त्याऐवजी ‘या गावात राहायला गेलात तर कुठला नियम मोडाल’ असं विचारलं असतं, तर पहिल्याच फेरीत कळलं असतं की मोडण्यासारखा नियमच नाही.

संदर्भवाचनाचा क्रमही उलटा झाला. लेखिकेने आधी विधींची वर्णनं जमवली होती आणि मग कालगणना. वर्णनं वाचून रंग, धूर, गाणी हाती येतात. कालगणनेकडून आधी गेलो असतो तर कुठे काय उरतं आणि ते कोणाच्या गळ्यात पडतं हे आधी दिसलं असतं. यावर लेखिकेचं मत वेगळं आहे: वर्णनं वाचली नसती तर लिहायची ओढच लागली नसती, असं ती म्हणते. दोघांचं एकमत झालेलं नाही.

पारडं कोणाकडे झुकतं याचाही विचार उशिरा झाला. नियम दिराच्या फायद्याचा आहे हे लेखिकेच्या लक्षात प्रसंग लिहून झाल्यावर आलं, आणि मग मागची प्रकरणं त्यानुसार सावरावी लागली. नियम ठरवतानाच ‘हा कोणाला सोयीचा, कोणाला गैरसोयीचा’ असे दोन रकाने केले असते तर एक फेरलेखन वाचलं असतं.

एक प्रश्न अजून लोंबकळतो आहे: सुट्या दिवशी जन्मलेल्या मुलाचा. दोरीत त्याचा दिवस नाही, मग त्याचं वय कुठून मोजायचं? लेखिकेने त्यावर एक प्रकरण लिहिलं आहे. त्यात गावातली अशी सगळी माणसं, म्हातारी आणि पोरं, नव्या वर्षाच्या पहिल्या दिवशी एकत्र मोजली जातात. संपादकांचं म्हणणं, याने बाईच्या गोष्टीची धार बोथट होते. मेलेल्याला जागा नाही पण जन्मलेल्याला आहे, हा समतोल फार सोयीचा वाटतो. मला ते प्रकरण हवं आहे, कारण कुठलाही समाज जिवंत माणसासाठी पळवाट काढतोच. सध्या ते वेगळ्या फायलीत आहे, आणि पुढच्या बैठकीत त्यावर निर्णय व्हायचा आहे.